वाचकांचे प्रश्न : वसंतराव देशपांडे यांच्या नावापुढे काय लिहावे?

मागील अंकात संगीत नाटकांवरील लेख प्रसिद्ध झाल्यानंतर आलेल्या पत्रांपैकी बरीचशी एकाच कलावंताविषयी होती. त्यांतील निवडक प्रश्न आणि त्यांची उत्तरे येथे देत आहोत. ज्या पत्रांतील प्रश्न एकसारखे होते ते एकत्र केले आहेत.

प्रश्न : आमच्या वाचनालयात डॉ. वसंतराव देशपांडे यांच्यावर एक छोटे प्रदर्शन मांडताना त्यांच्या छायाचित्राखाली काय लिहावे यावरून चांगलाच वाद झाला. एकाने ‘शास्त्रीय गायक’ म्हटले, दुसऱ्याने ‘गायक-नट’, तर तिसऱ्याचा आग्रह ‘भावगीत गायक’ असा होता. शेवटी नुसते नाव लिहून आम्ही मोकळे झालो. आपण काय लिहिले असते?
– एक वाचक, अकोला

उत्तर : आपण केले तेच योग्य झाले, असे आमचे मत आहे, पण वाद का झाला हे समजून घेण्यासारखे आहे. वसंतरावांचा जन्म २ मे १९२० रोजी आपल्याच जिल्ह्यातील मूर्तिजापूरचा. त्यांचे बालपण नागपुरात गेले, आईने त्यांना एकटीने वाढवले आणि गाण्याचे पहिले पद्धतशीर शिक्षण तेथेच शंकरराव सप्रे यांच्याकडे झाले. सर्वसाधारणपणे गवयाचे चरित्र येथून सरळ रेषेत पुढे जाते : गुरुगृह, मैफिली, नाव आणि शेवटी पुरस्कार. वसंतरावांच्या बाबतीत मात्र या पहिल्याच टप्प्यावर चित्रपट मध्ये आला. भालजी पेंढारकरांनी या मुलाला ‘कालियामर्दन’ (१९३५) मध्ये कृष्णाची भूमिका दिली. म्हणजे गवई म्हणून कोणी ओळखण्याआधीच ते पडद्यावरचे गाणारे नट झाले होते.

यानंतर मात्र सलग असे काहीच नाही. लाहोर, पुणे, लष्करी हिशेब खात्यातील नोकरी, आकाशवाणी, पु. ल. देशपांडे यांच्याबरोबरच्या बैठका, चित्रपटांतील गाणी, भावगीते, ठुमरी-दादरा, आणि वयाच्या सत्तेचाळिसाव्या वर्षी ‘कट्यार काळजात घुसली’ या संगीत नाटकातील खाँसाहेबांची भूमिका. त्यानंतर मोठ्या ख्याल-मैफिलींचा काळ, ‘मराठी नाट्यसंगीताची वाटचाल’ हा सप्रयोग व्याख्यानांचा उपक्रम, १९७९ चा ‘अष्टविनायक’ चित्रपट, १९८२ चा संगीत नाटक अकादमी पुरस्कार आणि ३० जुलै १९८३ रोजी पुण्यात निधन. आता यातला कोणता तुकडा छायाचित्राखाली लिहावयाचा? प्रत्येक तुकडा खरा आहे आणि प्रत्येक अपुरा आहे. आमच्या दृष्टीने या सगळ्यांना बांधणारी गोष्ट एकच : समोर जे शब्द आहेत आणि जो प्रसंग आहे त्याला किती गाणे लागते, याचा अंदाज या माणसाला विलक्षण अचूक होता. पुढच्या उत्तरांत ही गोष्ट पुन्हा पुन्हा येईल, त्याबद्दल आधीच क्षमा मागून ठेवतो.

प्रश्न : ‘कालिया मर्दन’ हा चित्रपट दादासाहेब फाळके यांचा आहे असे मी शाळेपासून वाचत आलो आहे. आपल्या लेखात तो भालजींच्या नावावर दाखवला आहे. ही चूक आहे का?
– एक वाचक, नाशिक

उत्तर : चूक नाही, चित्रपट दोन आहेत. फाळक्यांचा ‘कालिया मर्दन’ १९१९ चा आणि मूक. त्यात कृष्ण झाली होती त्यांची कन्या मंदाकिनी. तेव्हा वसंतरावांचा जन्मही झालेला नव्हता. भालजींचा बोलपट १९३५ चा. कथा तीच असली तरी कृष्णाकडून अपेक्षा निराळी होती : मंदाकिनीला दिसायचे होते, वसंताला दिसायचे आणि गायचेही होते. पार्श्वगायनाची पद्धत त्या वर्षी कोलकात्याच्या न्यू थिएटर्समध्ये नुकतीच सुरू होत होती. तोपर्यंत बोलपटात भूमिका करणाऱ्याने स्वतःच गावे, हाच रिवाज होता. म्हणूनच त्या काळातील दिग्दर्शक मुलांच्या भूमिकांसाठीही गाणारी मुले शोधत असत.

प्रश्न : इतक्या मोठ्या गायकाला आयुष्याची चोवीस वर्षे कारकुनीत काढावी लागली, हे वाचून फार वाईट वाटले. त्या वर्षांत त्यांनी सर्व वेळ गाण्याला दिला असता तर आज त्यांचे स्थान आणखी वरचे असते, असे आपणांस वाटत नाही का?
– एक वाचिका, सातारा

उत्तर : वाईट वाटणे स्वाभाविक आहे, आणि त्यातील अन्यायाचा भाग आम्हांला नाकारायचा नाही. दिवसभर हिशेबाच्या वह्या आणि संध्याकाळी तानपुरा, हा क्रम माणसाला झिजवतो. त्यांची बदली दूर नेफापर्यंत (आजचा अरुणाचल प्रदेश) झाली होती, तेव्हा तर मैफिलींपासून त्यांचा संबंधच तुटला असणार. मात्र ‘आणखी वरचे स्थान’ या हिशेबाबद्दल आम्ही थोडे साशंक आहोत.

एक तर त्या वर्षांत त्यांचे गाणे थांबलेले नव्हते. १९५३ साली पु. ल. देशपांडे यांनी कथा, दिग्दर्शन, संगीत आणि प्रमुख भूमिका असे सगळे स्वतःकडे ठेवून ‘गुळाचा गणपती’ काढला, त्यात आशा भोसले यांच्याबरोबर ‘ही कुणी छेडिली तार’ हे युगुलगीत गाणारे गृहस्थ नोकरीतच होते. दुसरे असे की, पोटाचा प्रश्न नोकरीने सोडवल्यामुळे त्यांना एका प्रकारच्या गाण्याला बांधून घ्यावे लागले नाही. ज्याचा संसार केवळ ख्यालाच्या बिदागीवर चालतो त्याने भावगीत गायले की रसिकांच्या कपाळावर आठी पडत असे; त्या काळी तर अधिकच. वसंतराव तबल्यावर साथ करीत, पेटी वाजवीत, मित्रांच्या बैठकीत लावणीही म्हणत. हा मोकळेपणा त्यांच्या स्वभावात होताच, पण तो टिकला याचे थोडे श्रेय महिन्याच्या पगाराला द्यावे लागेल.

तरीही १९६५ च्या सुमारास त्यांनी ती नोकरी सोडली; त्यासाठी त्यांच्यामागे लकडा लावणाऱ्यांत पु. ल. होते. दोनच वर्षांत ‘कट्यार’ आली. नोकरी सुटली नसती तर नाटकाच्या दौऱ्यांवर जाणे त्यांना शक्यच नव्हते. म्हणून आपल्या प्रश्नाचा रोख आम्ही किंचित बदलून घेऊ : नोकरी धरली याचे दुःख करण्यापेक्षा, पंचेचाळिशीत ती सोडण्याचे धाडस केले याचे कौतुक करावे.

प्रश्न : (१) ‘कट्यार काळजात घुसली’ची पदे आम्ही ध्वनिमुद्रिकांवरूनच ऐकली आहेत. ज्यांनी प्रयोग पाहिला ते म्हणतात की मुद्रिका म्हणजे काहीच नव्हे. ही अतिशयोक्ती आहे की त्यात तथ्य आहे? (२) खाँसाहेबांच्या भूमिकेत वसंतराव अभिनय करीत होते की केवळ गात होते?
– दोन वाचक, पुणे आणि बेळगाव

उत्तर : दोन्ही प्रश्नांचे उत्तर एकच असल्यामुळे ते एकत्र घेत आहोत.

पुरुषोत्तम दारव्हेकर यांनी लिहिलेले आणि पं. जितेंद्र अभिषेकी यांनी संगीत दिलेले हे नाटक २४ डिसेंबर १९६७ रोजी रंगभूमीवर आले. नाट्यसंपदा या प्रभाकर पणशीकरांच्या संस्थेची ती निर्मिती होती. पंडित भानुशंकरांच्या भूमिकेत भार्गवराम आचरेकर, सदाशिवच्या भूमिकेत प्रसाद सावकार, झरीनाच्या भूमिकेत फैयाज. ज्यांनी नाटक पाहिलेले नाही त्यांच्यासाठी कथेचा गाभा असा : संस्थानात दरवर्षी होणाऱ्या गायनाच्या जुगलबंदीत जो जिंकेल त्याला राजगायकाचे पद, हवेली आणि एक कट्यार मिळते, आणि त्या कट्यारीने स्वसंरक्षणार्थ केलेला एक खून माफ असतो. वर्षानुवर्षे हरत आलेले खाँसाहेब आफताब हुसेन एका वर्षी जिंकतात, आणि त्या विजयासह पंडितजींच्या घरात राहायला येतात.

येथे ‘या भवनातील गीत पुराणे’ हे पद घ्यावे. मुद्रिकेवर ते एक सुंदर, डौलदार नाट्यपद म्हणून कानावर पडते, आणि तेवढ्यावरही ते आवडते. पण रंगमंचावर गाणारा मनुष्य दुसऱ्याच्या घरात उभा आहे. जुने सूर पुसून येथे आता माझे गाणे चालणार, असे तो बजावतो आहे. त्याच्या स्वरात विजयाची मस्ती हवी, आणि त्या मस्तीच्या तळाशी, हा विजय खरा आहे का, अशी बोचही हवी. वसंतरावांच्या गळ्यातील मूळची आक्रमकता, ती एकदम वरच्या स्वरावर जाऊन आदळणारी आणि तिथून घसरत, गिरक्या घेत खाली येणारी तान, या भूमिकेला आयती सापडली. एरवी मैफिलीत जो गुण गायकाचा म्हणून गणला जातो, तो येथे पात्राचा स्वभाव झाला. म्हणून ‘गात होते की अभिनय करीत होते’ असे विचारता, तेव्हा आम्हांला उत्तर देणे अवघड जाते. ज्या तानेने खाँसाहेबांचा अहंकार कळतो त्या तानेला काय म्हणावे? गद्य संवादांत ते सराईत नटाइतके सफाईदार नव्हते असे मानणारे प्रेक्षकही होते. ते मान्य केले तरी भूमिकेचे वजन उणे होत नाही.

आता मुद्रिकेकडे वळू. जुन्या तबकडीच्या एका बाजूवर तीन-साडेतीन मिनिटे मावत, आणि पुढे तबकड्या मोठ्या झाल्या तरी नाट्यपद आटोपशीर मुद्रित करण्याची सवय राहिली. प्रयोगात तसे बंधन नव्हते. आजची सभा कशी आहे, तबलजीचा हात कसा चालतो आहे, आधीच्या प्रवेशात सहकलाकाराने किती चढवून ठेवले आहे, यावर पद किती खुलवायचे ते ठरे. शिवाय प्रेक्षकांकडून ‘वन्समोअर’ येई, आणि वन्समोअरला तेच पुन्हा गाणे हे कमीपणाचे मानले जाई. तेव्हा प्रयोग पाहिलेल्यांचे म्हणणे अतिशयोक्तीचे नाही. ‘काहीच नव्हे’ हे मात्र आम्ही मान्य करणार नाही, कारण ‘सुरत पिया की’ आणि ‘तेजोनिधी लोहगोल’ यांच्या मुद्रिका हाच आज आपल्या हाती असलेला पुरावा आहे आणि तो भक्कम आहे.

जाता जाता एक गोष्ट नोंदवावीशी वाटते. याच अभिषेकींनी तीन वर्षे आधी, १९६४ च्या ‘मत्स्यगंधा’त, नाट्यपद आटोपशीर आणि भावगीताच्या जवळ नेऊन ठेवले होते. ‘कट्यार’मध्ये विषयच गायकांचा असल्यामुळे त्यांना पुन्हा मोठा पट मोकळा करता आला. तसा पट पेलणारा, आणि त्याच वेळी शब्द न चिरडणारा गळा समोर आहे हे ठाऊक असल्यावाचून कोणता संगीतकार अशा चाली बांधील?

प्रश्न : २०१५ च्या ‘कट्यार काळजात घुसली’ चित्रपटात खाँसाहेबांची गाणी ऐकताना वसंतरावांचाच आवाज वापरला असावा असे वाटते. तसे आहे का?
– एक वाचक, ठाणे

उत्तर : नाही. तो आवाज त्यांचे नातू राहुल देशपांडे यांचा आहे. पडद्यावर खाँसाहेब झाले होते सचिन पिळगांवकर. योगायोग असा की, हेच सचिन १९७९ च्या ‘अष्टविनायक’मध्ये नायक होते आणि वसंतराव त्या चित्रपटात नायिकेचे वडील. पुढे राहुल यांनी ‘मी वसंतराव’ या चित्रपटात आजोबांची भूमिका केली आणि त्यातील गायनासाठी त्यांना राष्ट्रीय पुरस्कारही मिळाला.

प्रश्न : वसंतरावांचे घराणे कोणते? निरनिराळ्या पुस्तकांत निरनिराळी नावे सापडतात.
– एक संगीतशिक्षिका, कोल्हापूर

उत्तर : सापडणारच, कारण शिक्षणच अनेक ठिकाणी झाले. नागपूरचे सप्रे, पुण्यात किराणा घराण्याचे सुरेशबाबू माने, भेंडीबाजार घराण्याचे अमान अली खाँ, अंजनीबाई मालपेकर आणि लाहोरचे असद अली खाँ. असद अली खाँसाहेबांनी त्यांना महिनोन्महिने एकच राग, मारवा, शिकवला आणि मग ‘आता तुला सगळे राग आले’ असे सांगून निरोप दिला, अशी कथा सांगतात. अशा कथांत मीठमसाला किती हे तपासणे कठीण. परंतु वसंतरावांचा मारवा ज्याने ऐकला आहे त्याला ती खोटी वाटणार नाही.

या यादीत एक नाव गुरू म्हणून येत नाही, पण आमच्या मते सर्वांत जास्त मोजावे लागेल : मास्टर दीनानाथ मंगेशकर. दीनानाथांची झेप, अनपेक्षित स्वरावर जाऊन बसण्याची त्यांची ढब आणि पदातील चमक ही वसंतरावांनी कानांनी उचलली आणि दीनानाथांची पदे ते आयुष्यभर निष्ठेने गात राहिले. दीनानाथ स्वतः बळवंत संगीत मंडळीचे गायक-नट होते, १९३१ च्या ‘संन्यस्त खड्ग’मधील त्यांची पदे आजही गायली जातात, त्यांनी चित्रपटनिर्मितीतही पैसा घातला, आणि १९४२ मध्ये अवघ्या एकेचाळिसाव्या वर्षी ते गेले. घराण्याच्या चौकटीत न मावणारा गायक-नट हा नमुना वसंतरावांना पुस्तकात शोधावा लागला नाही. तो त्यांनी तरुणपणी समोर पाहिला होता. आपल्या विद्यार्थिनींना सांगताना ‘अनेक गुरूंकडून घेतलेली, दीनानाथी वळणाची गायकी’ असे सांगावे. परीक्षेच्या उत्तरपत्रिकेत ते चालेल की नाही, हे मात्र परीक्षकांवर सोपवतो.

प्रश्न : रंगभूमीवर एवढे यश मिळालेल्या गायक-नटांना चित्रपटात तेवढे यश का मिळत नाही? बालगंधर्वांपासून हेच दिसते.
– एक वाचक, मुंबई

उत्तर : ‘हेच दिसते’ हे सरसकट खरे नाही, पण बालगंधर्वांचे उदाहरण बोलके आहे. १९३५ मध्ये ‘प्रभात’ने त्यांना ‘धर्मात्मा’त संत एकनाथांची भूमिका दिली. (चित्रपटाचे मूळ नाव ‘महात्मा’ होते, ते सेन्सॉरमुळे बदलावे लागले.) ज्यांचे सारे वैभव स्त्रीभूमिकांत होते त्यांना पुरुषवेष मिळाला, ज्यांना समोरच्या सभेची दाद मिळताच पद रंगवण्याची सवय होती त्यांना कॅमेऱ्यासमोर तुकड्या-तुकड्यांत गावे लागले. आणखी चित्रपटांचा करार असूनही ते तेथे थांबले नाहीत. पुढे १९३७ मध्ये ‘साध्वी मीराबाई’त ते पुन्हा स्त्रीवेषात पडद्यावर आले, पण तोपर्यंत प्रेक्षकाला पडद्यावर खऱ्या स्त्रिया पाहण्याची सवय जडली होती.

वसंतरावांची अडचण वेगळी होती. चित्रपटाला त्यांचा आवाज हवा होता, माणूस क्वचितच. पार्श्वगायन रुळल्यावर गाणाऱ्याने पडद्यावर दिसण्याची गरज उरली नाही, आणि गाणाऱ्या नटाची जागाच गेली. म्हणून ‘अष्टविनायक’मधील ‘दाटून कंठ येतो’ हे आम्हांला फार मोलाचे वाटते. मुलीची पाठवणी करणारा बाप पडद्यावर दिसतो तोच गातो आहे, गळा आणि चेहरा एकाच माणसाचा आहे. त्या गाण्याची चाल अनिल-अरुण यांची, साधी आणि सरळ. वसंतरावांच्या गळ्यात त्या चालीच्या चौपट करामती करण्याची ताकद होती, आणि त्या वेळी ‘कट्यार’मुळे प्रेक्षकांना त्यांच्याकडून तीच अपेक्षा असणार. पण ते हात आखडता घेतात. शब्दाच्या शेवटी स्वर किंचित सैल सोडतात, एखादी छोटी हरकत येते आणि ती पुरी होण्याआधीच थांबते, जणू पुढे गेलो तर आवाज फुटेल. आवंढा गिळणाऱ्या बापाला तान कशी सुचेल, एवढाच त्यामागचा विचार असावा. खाँसाहेबांचा अहंकार तानेने दाखवणारा गायक या बापाचे दुःख तान न घेता दाखवतो. दिग्दर्शक राजदत्त यांनी गायकालाच भूमिकेत घेतले, हे त्यांचे शहाणपण.

प्रश्न : मी नाट्यपदे शिकते आणि हौशी नाटकांत कामही करते. वसंतरावांचे गाणे अभ्यासासाठी ऐकायचे तर कशापासून सुरुवात करावी? त्यांच्या ताना मला जमत नाहीत आणि त्यामुळे निराशा येते.
– एक विद्यार्थिनी, नागपूर

उत्तर : तानांपासून सुरुवात करू नये, म्हणजे निराशा येणार नाही. आधी भावगीते ऐकावीत. वा. रा. कांतांची कविता आणि श्रीनिवास खळे यांची चाल असलेले ‘बगळ्यांची माळ फुले’ घ्यावे. पहिल्या दोन वेळा केवळ शब्दांकडे लक्ष द्यावे : कोणत्या अक्षरावर श्वास घेतला आहे, ‘अजुनि’ हा शब्द किती लांबवला आहे आणि कोठे सोडून दिला आहे, हे कागदावर खुणा करून लिहून काढावे. तिसऱ्या वेळी त्या खुणांवर बोट ठेवून मनात म्हणावे. नंतर कवी अनिलांचे, यशवंत देवांनी स्वरबद्ध केलेले ‘कुणी जाल का, सांगाल का’ घेऊन तेच करावे. दोन्ही गाण्यांत करामत आहे, पण ती शब्दांच्या मधल्या जागेत आहे.

त्यानंतर मारवा ऐकावा, तोही एका बैठकीत पूर्ण, मध्ये न उठता. आणि सर्वांत शेवटी ‘कट्यार’. पदे सुटी न ऐकता नाटकाची संहिता हाताशी ठेवून, पदाच्या आधीचे संवाद मोठ्याने वाचून मग पद लावावे. आपण नाटकात काम करता, म्हणून हे आपल्याला इतरांपेक्षा सोपे जाईल. तान बसवायची झालीच तर खाँसाहेब ती कोणाला उद्देशून घेत आहेत, हे आधी ठरवून घ्यावे. पुष्कळदा समोरच्या पात्राकडे पाहून गायले की अर्धी तान आपोआप गळून पडते आणि उरलेली गळ्याला झेपते. आपल्या नागपुरात त्यांच्या नावाचे सभागृह आहेच. तेथे नाट्यसंगीताचा कार्यक्रम असेल तेव्हा पुढच्या रांगेत न बसता मागे बसावे, म्हणजे गाणाऱ्याचा शब्द शेवटच्या खुर्चीपर्यंत पोहोचतो की नाही, हे आपल्याच कानांनी कळेल.